१४ माणसांचा नाश्ता, एकाच ट्रेमध्ये

काल मामेभावाचा साखरपुडा झाला आणि रात्री सगळे आमच्याकडेच मुक्कामाला, घरातले धरून १४ जण. नाशिकमध्ये पाहुणे म्हणजे सकाळी मिसळ ठरलेलीच, पण मला यावेळी सगळ्यांसोबत निवांत बसायचं होतं म्हणून रात्रीच ब्रेडचं कॅसरोल लावून ठेवलं. मोठ्या ब्रेडचे तुकडे ट्रेमध्ये पसरले, त्यावर परतलेला कांदा, सिमला मिरची, कोथिंबीर, मग १२ अंडी आणि पाऊण लिटर दूध मीठ-मिरपूड घालून फेटून ओतलं, वरून भरपूर चीज, आणि झाकून फ्रीजमध्ये. ब्रेड शिळाच घ्या हं, ताज्याचा लगदा होतो.

सकाळी ओव्हन १८० डिग्रीवर, अर्धा तास फॉइल लावून आणि मग २० मिनिटं उघडं. कडा फुगून खरपूस झाल्या, मधोमध सुरी घातली तर स्वच्छ बाहेर आली. १० मिनिटं थांबून कापलं, अगदी वड्यांसारखे तुकडे पडले. मामी अंडं खात नाहीत, त्यांच्यासाठी पोहे केले.

बाहेर कडाक्याची थंडी, सगळे स्वयंपाकघरातच दाटीवाटीने बसलेले, मावशी म्हणाली, "अगं, आज पहिल्यांदा तू आमच्याबरोबर गरम खातेयस." किती बरं वाटलं! कोपऱ्यातला कुरकुरीत तुकडा बाबांसाठी काढून ठेवलाय, ते स्टेशनवर सोडायला गेलेत.