तुम्ही विचारलंत म्हणून : परक्यांच्या निगेटिव्ह का सांभाळता?

"ना नात्याचे ना गोत्याचे, यांच्या निगेटिव्ह कशाला घरात भरून ठेवता?" बंद पडलेल्या स्टुडिओंतून खोकी उचलून आणतो, तेव्हापासून हे सगळेच विचारतात.

घरच्या अल्बमात घरचेच लोक असतात. तालुक्याच्या स्टुडिओत मात्र सगळा तालुका यायचा. नोकरीच्या अर्जाला फोटो हवा असलेला पोरगा, स्थळाकडे पाठवण्यासाठी साडी नेसवून आणलेली मुलगी, गदा घेतलेला पैलवान, बाजाराच्या दिवशी लेकराला कडेवर घेऊन आलेली मजूर बाई. कॉप्या घरोघर गेल्या, विटल्या, हरवल्या. निगेटिव्ह फोटोग्राफरकडेच राहिल्या, पाकिटावर नंबर घालून.

पुरात फोटो जातात हे पुणेकरांना सांगायला नको. १२ जुलै १९६१ ला पानशेतचं धरण फुटलं आणि नदीकाठच्या पेठांत ट्रंकाच्या ट्रंका चिखलात गेल्या. प्रतिमा जिलेटिनच्या थरात असते. तो थर पाण्यानं फुगतो आणि सुटून येतो. पण जास्त नासधूस कोरड्या दिवसांत झाली. कृष्णधवल निगेटिव्हमध्ये चांदी असते, म्हणून त्या एक्स-रेच्या फिल्मांबरोबर भंगारात किलोवर गेल्या. जुन्या निगेटिव्ह काचेच्या असायच्या; त्या प्लेट्स धुऊन, खरवडून फ्रेमना लावल्या. एकाच्या आजोबांचा चेहरा पुसून दुसऱ्याच्या आजोबांच्या तसबिरीला काच बसली. उरलेल्या फिल्मांना आंबूस, व्हिनेगरसारखा वास सुटतो, त्या आक्रसतात. तो वास एकदा आला की क्षय थांबवता येत नाही. थंड, कोरड्या जागेत वेग कमी होतो, एवढंच.

मग गावाचा इतिहास लिहायला बसलं की हाती काय लागतं? सत्काराचे, उद्घाटनांचे, पुढाऱ्यांचे फोटो. ते अनेक ठिकाणी जपलेले असतात. बाजारातली ती बाई मात्र कुठेच नसते, आणि दोन पिढ्यांनी ती नव्हतीच असं वाटायला लागतं. मला हे सोसवत नाही.

कुठला स्टुडिओ बंद होतोय असं कळलं, तर एक करा. निगेटिव्हच्या आधी रजिस्टर मागा. नंबर कुणाचा, ते त्यात असतं. वारस दुकान रिकामं करताना जुनी वही म्हणून सगळ्यात आधी तेच रद्दीत टाकतात. नावं नसलेली खोकी माझ्याकडे खूप आहेत. फोटोग्राफर हयात असेल तर त्याच्याशेजारी बसून, एकेक फिल्म उजेडासमोर धरून विचारा. त्यांना चेहरे आठवतात, गावं आठवतात, कधी कधी उधारीही.