हुकूम समुद्राचा

पत्त्यांच्या बहुतेक खेळांत वाईट पानांचा दोष वाटणाऱ्याला देता येतो. मेंढीकोट असो, बदाम सात असो की पाच-तीन-दोन, बावन्न पानांची कॅट सगळ्यांची एकच असते आणि हात बिघडला की नशिबाला बोल लावून मोकळे होता येते. ‘मॅजिक: द गॅदरिंग’ या खेळाने ही सोय बरीचशी काढून घेतली आहे. रिचर्ड गारफिल्ड या अमेरिकी गणितज्ञाने रचलेला हा खेळ १९९३ साली बाजारात आला आणि तेव्हापासून त्याची पंचवीस हजारांहून अधिक वेगवेगळी पाने छापली गेली आहेत. त्यांतून निवडून आपापला डेक प्रत्येकाने घरूनच बांधून आणायचा असतो. नशिबाचा वाटा उरतो तो पिसण्यापुरता. पिसायला घेतलेल्या पानांत काय होते आणि काय नव्हते, याचा जाब मात्र ज्याचा त्याने द्यायचा.

डेक जिंकण्यासाठी बांधावा, हे सरळच आहे. पण या खेळात असेही बरेच लोक भेटतात, जे आधी एक कल्पना धरतात आणि मग तिच्यात बसतील तेवढीच पाने घेतात. कोणी फक्त ड्रॅगन गोळा करतो, कोणी भुतेखेते, तर कोणी केवळ खारींवर डेक उभा करतो. असा डेक बांधताना हाताशी असलेली, अधिक जोरकस आणि कित्येकदा स्वस्तही असलेली पाने बाजूला ठेवावी लागतात, कारण ती त्या घरची नसतात. व्यवहारी माणसाला हा शुद्ध तोट्याचा धंदा वाटेल. मी स्वतः याच पंथाची आहे आणि माझा डेक समुद्राचा आहे. गोव्यात राहून दुसरे काय करणार, असे कोणी म्हटल्यास मी वाद घालणार नाही.

खेळाच्या पानांना कल्पनेत बांधण्याची रीत आपल्याकडे नवी नाही. पत्रादेवीचा नाका ओलांडून थोडे पुढे गेले की सावंतवाडी लागते. तिथल्या राजवाड्यात आजही गंजिफा रंगवल्या जातात. दशावतारी गंजिफेची पाने गोल असतात आणि एका संचात १२० पाने भरतात. अवतार दहा, प्रत्येकाचा एक राजा, एक प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंत दहा पाने. मला त्यातली चित्रे आवडतातच, पण त्याहून आवडतो तो तिचा एक नियम. खेळ दिवसा चालला असेल तर ज्याच्याकडे रामाचा राजा त्याची उतारी आणि रात्री चालला असेल तर कृष्णाच्या राजाची. रामाचा जन्म भर दुपारचा, कृष्णाचा मध्यरात्रीचा, हे ज्याला लहानपणापासून ठाऊक आहे त्याला हा नियम पाठ करावा लागत नाही. इथे अवतार नुसता पानावर रंगवलेला नाही. तो खेळात उतरून कोणी आधी खेळायचे हे ठरवतो. आपल्या नेहमीच्या कॅटमध्ये इस्पिकची राणी रुसलेली काढली काय किंवा हसरी काढली काय, डावात काडीचा फरक पडत नाही. कल्पनेवर बांधलेल्या डेकची परीक्षा याच जागी होते, असे माझे मत आहे. कल्पना चित्रातच राहिली आणि चालीत आली नाही, तर तो डेक म्हणजे नुसता चित्रांचा अल्बम.

आम्ही ‘कमांडर’ या पद्धतीने खेळतो. तिच्यात बहुधा चौघे एका टेबलाभोवती बसतात, प्रत्येकाचे आयुष्य ४० गुणांचे असते आणि डेक बरोबर १०० पानांचा. बेट, अरण्य अशा पाच प्रकारच्या मूळ जमिनी सोडल्या तर सहसा कोणतेही पान दोनदा घेता येत नाही. शंभरातले एक पान हे सरदार. ते पिसण्यात जात नाही, पहिल्यापासून बाजूला उघडे मांडून ठेवलेले असते आणि त्याच्या रंगांबाहेरचे पान डेकमध्ये चालत नाही. उरलेल्या ९९ पानांतून सुरुवातीला हाती येतात सात, म्हणजे एखादे ठरावीक पान पहिल्याच हातात असण्याचा संभव सुमारे सात टक्के. त्यामुळे एका सुंदर पानावर सगळी भिस्त ठेवून चालत नाही. समुद्र दाखवायचा तर तो पाना-पानांतून, पुन्हा पुन्हा दिसावा लागतो.

माझा सरदार आहे ‘आरिक्समेथीस’, म्हणजे झोपी गेलेले एक बेट. पान २०१८ सालचे आहे. तो मैदानात येतो तो पाच निद्राचिन्हे अंगावर घेऊन, आणि त्यांतले एक जरी शिल्लक असले तरी तो प्राणी धरला जात नाही, जमीन धरला जातो. इतर जमिनींसारखाच तो आडवा करून त्याच्यापासून निळा आणि हिरवा असा दोन मॅना मिळतो; मॅना म्हणजे पाने खेळताना मोजायचे चलन. मी कोणतेही मंत्रपान खेळले की त्याच्यावरचे एक चिन्ह काढू शकते. पाचही निघाली की बेट उठते आणि सगळ्यांच्या लक्षात येते की आपण इतका वेळ ज्याला जमीन समजत होतो, तो बारा बळाचा आणि बारा टिकावाचा समुद्री राक्षस होता. या पद्धतीत एकाच सरदाराकडून २१ गुणांचा मार बसला की खेळाडू बाद होतो, त्यामुळे बारा-बाराचे दोन तडाखे पुरतात. मी चिन्हे म्हणून पाच शिंपल्या ठेवते. त्यांतली एकेक उचलली जाताना समोरचे तिघे आपले बोलणे मध्येच थांबवून मोजदाद करतात. कल्पना चालीत उतरते म्हणजे काय, ते या पानाइतके स्पष्ट मला दुसरीकडे दिसलेले नाही.

बाकीची भरती करताना चित्राला भुलायचे नाही, हे पथ्य मी पाळले. पहिल्या वर्षीच्या संचात त्रिशूळ घेतलेल्या मत्स्यमानवांचे एक पान आहे. बळ एक, टिकाव एक आणि अंगात कसलाही गुण नाही. पानावर खाली मात्र एक गमतीदार मजकूर आहे: माणसांचे पंडित म्हणतात की मत्स्यमानव हे बुडालेल्या अटलांटिसची पाण्याला सरावलेली माणसे, आणि मत्स्यमानव म्हणतात की माणसे हीच कोरड्यावर हिंडायला गेलेले मत्स्यमानव. मजकूर कितीही गोड असला तरी टेबलावर हे पान काहीच करत नाही, म्हणून ते घेतले नाही. त्याच्या जागी २०१४ सालचा ‘रीफ वर्म’ आला. हा खडकातला किडा शून्य बळाचा आहे. तो मेला की त्याच्या जागी ३ बळाचा मासा येतो, मासा मेला की ६ बळाचा देवमासा आणि देवमासा मेला की ९ बळाचा क्रॅकन. मत्स्यन्यायाची आख्खी उतरंड एका पानात बसवलेली आहे. शिवाय मनूच्या ओंजळीतून घड्यात, घड्यातून तळ्यात, तळ्यातून नदीत आणि अखेर समुद्रात सोडावा लागलेला तो पुराणातला मासाही आपल्या वाचकाला आठवल्यावाचून राहत नाही. ज्यांनी हे पान काढले त्यांच्या मनात मनू नसणार. पण फोंड्यातल्या आमच्या ओसरीवर ते पान पडते तेव्हा तो येतोच.

याच पथ्याने मी ‘सोल रिंग’ काढली आणि त्यावरून घरात वाद झाला. हेही पान १९९३ चे. एक मॅना देऊन खेळायचे आणि पुढे दर वेळी दोन मॅना मिळवायचे, असा हा सौदा असल्यामुळे कमांडर खेळणारे ते डोळे मिटून घेतात. माझा मावसभाऊ माझा डेक चाळत होता. शेवटचे पान पाहून झाल्यावर तो म्हणाला, “ताई, सोल रिंग नाही? अगं, हे म्हणजे मीठ न घालता हुमण करण्यासारखं झालं.” मी म्हटले की अंगठीचा समुद्राशी काय संबंध ते सांग, लगेच घालते. त्याने बराच विचार करून सुचवले की एखाद्या माशाने ती गिळलेली असावी. शकुंतलेच्या कथेचा आधार असल्यामुळे युक्तिवाद मजबूत होता, हे मान्य करायला हवे. पण अंगठीच्या जागी मी एक बेट घातले आणि ते आजही तिथेच आहे. समुद्री प्राणी महाग असतात, सहा-सात-आठ मॅनाखाली त्यांची बोलणीच होत नाहीत, त्यामुळे जमिनी चाळिशीच्या आसपास ठेवाव्या लागतात आणि उरलेली तूट हिरव्या रंगाकडून भरून घ्यावी लागते. हिरवा म्हणजे अरण्य. तेव्हा अरण्येही निवडताना मी पाण्यात उभी असलेली, खारफुटीची आठवण देणारी चित्रे शोधली. ही मात्र निव्वळ हौस; तिचा चालीशी काही संबंध नाही आणि वर सांगितलेल्या नियमाला तो अपवाद समजावा.

डेकचे सगळ्यात मोठे पान आहे २०१० सालचे ‘स्टॉर्मटाइड लेव्हायथन’. आठ मॅना, आठ बळ. ते मैदानात असेपर्यंत सगळ्यांच्या सगळ्या जमिनी, त्या मुळात जे काही असतील ते राहूनच, बेटेही होतात आणि ज्या प्राण्याला उडता येत नाही किंवा बेटावरून वाट काढण्याचा खास गुण नाही, त्याला हल्ला करता येत नाही. ‘राहूनच’ हा शब्द नियमात महत्त्वाचा आहे. डोंगर बुडत नाही; तो डोंगरही असतो आणि बेटही. पणजीहून रायबंदरकडे जाताना मांडवीच्या विरुद्ध बाजूला जे खाजन दिसते, त्याचेच हे वागणे आहे. बांध आणि मानस (पाणी आत-बाहेर सोडणारे दार) यांच्या मधली ती जमीन पावसात कोरगुट भात पिकवणारे शेत असते आणि भरतीचे पाणी आत घेतले की कोळंबी देणारी खाडीही असते. तिला दोहोंपैकी एक काहीतरी हो, असे कोणी बजावत नाही. लेव्हायथन पडले की टेबलाचे खाजन होते, आणि मैदानी फौजा घेऊन बसलेला माझा मावसभाऊ आपल्याच बांधावर हात चोळत उभा राहतो.

अर्थात समुद्र माझाही मुलाहिजा ठेवत नाही. आरिक्समेथीसला उडता येत नाही आणि बेटावरून वाट काढण्याचा गुणही त्याच्याकडे नाही. त्यामुळे माझे दोन सर्वांत मोठे राक्षस एकाच वेळी बाहेर असले की लेव्हायथन एकटे हल्ला करते आणि पाच शिंपल्या उचलून जागा केलेला सरदार स्वस्थ बसून राहतो. जिंकण्यासाठी डेक बांधणारा माणूस यांतले एक पान तत्काळ काढेल. मी दोन्ही ठेवली आहेत, कारण एवढी भरती आल्यावर बेटाने जागचे हलू नये, हे मला तर्काला धरूनच वाटते.

खेळायला आम्हांला पावसाळा सोयीचा. जून-जुलैत ट्रॉलर धक्क्याला लागलेले असतात, मासेमारी बंद असते आणि रविवारच्या दुपारी घराबाहेर पडण्याजोगे काही नसते. मात्र याच दिवसांत पानांचे हाल होतात. चकाकी दिलेल्या पानांत कागदावर धातूचा पातळ थर असतो. कागद हवेतली ओल पिऊन फुगतो, धातू फुगत नाही आणि पान धनुष्यासारखे वाकते. वाकलेले पान गड्डीत लांबूनही ओळखू येते, म्हणजे ते नकळत खुणेचे पान ठरते, आणि तसे खेळणे बरे नव्हे. म्हणून माझ्या डेकमध्ये चकाकणारे एकही पान नाही. प्रत्येक पान प्लॅस्टिकच्या खोळीत आणि सगळी गड्डी बुटांच्या खोक्यातून साठवलेल्या सिलिका जेलच्या पुड्यांसह डब्यात, असा बंदोबस्त आहे. खोळीतली शंभर पाने पिसणे ही एक वेगळीच कसरत. ती एका हातात मावत नाहीत, दोन वाटे करून एकमेकांत सरकवावे लागतात.

चवथीला घर भरलेले असते तेव्हा ओसरीच्या एका टोकाला काकांचा मेंढीकोट आणि दुसऱ्या टोकाला आमचे हे, असा थाट असतो. काका अधूनमधून येऊन मागे उभे राहतात, पानांवरचा बारीक मजकूर वाचायचा प्रयत्न करतात आणि हटकून विचारतात, “गो, हुकूम कशाचा?” समुद्राचा, असे मी सांगते. त्यांना ते उत्तर पुरते. उतारी कोणाची एवढे विचारून ते परत जातात.

सध्या घोळ चालला आहे तो मत्स्यमानवांचा. त्यांचा एक छोटा गट मला आत घ्यायचा आहे, पण ते समुद्रघरचे की पाहुणे, याबद्दल खुद्द खेळाचेच एकमत नाही. २०१४ सालचे ‘व्हेल्मिंग वेव्ह’ हे पान सगळ्या प्राण्यांना उचलून आपापल्या मालकाच्या हाती परत पाठवते. क्रॅकन, लेव्हायथन, अष्टपाद आणि सागरी सर्प तेवढे वगळते. मत्स्यमानव त्या यादीत नाहीत, म्हणजे लाट आली की तेही वाहून जातात. २०१८ साली आलेली ‘स्लिन व्होडा’ अशीच लाट आणते, पण तिच्या यादीत मत्स्यमानवांचे नाव पहिले आहे. मला दुसरी यादी बरोबर वाटते. अडचण एवढीच की लाट चार मॅनात येते आणि स्लिन व्होडा लाटेसकट हवी असेल तर दहा मॅना मोजावे लागतात. मावसभावाचे म्हणणे असे की सोल रिंग असती तर हे दहा केव्हाच जमले असते. तूर्त मी व्हेल्मिंग वेव्ह काढून ठेवली आहे, मत्स्यमानव घेतले आहेत आणि आणखी एक बेट कुठे बसवता येईल ते पाहते आहे.