सुझान शिफमनची वही

आमच्या फिल्म क्लबात दर महिन्याला कुणीतरी एका सिनेमावाल्याविषयी तासभर बोलतं. माझी पाळी आली तेव्हा मी सुझान शिफमनचं नाव दिलं. चार वर्षं मी मालिकांच्या सेटवर कंटिन्यूइटी लिहिते. मागच्या शॉटमध्ये पदर कुठल्या खांद्यावर होता, कप भरलेला होता की अर्धा, हे माझ्या वहीत असतं. सुझाननेही फ्रेंच सिनेमात सुरुवात याच कामापासून केली, म्हणून मला तीच हवी होती.

वाचायला बसले तर तिच्याविषयी जे सापडे ते दिग्दर्शकांवरच्या लेखांत, एखाद्या ओळीपुरतं. शेवटी ठरवलं, श्रेयनामावलीवरूनच तिची कारकीर्द लावायची. ती सर्वाधिक काळ ज्याच्याबरोबर होती, त्या फ्रेंच दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफोचे सिनेमे सालवार काढले. रोज रात्री एक. नावं सुरू झाली की थांबवायचं आणि तिचं नाव कुठल्या कामापुढे आहे ते उतरवून घ्यायचं.

१९६२ च्या 'ज्यूल ए जिम'मध्ये ती 'स्क्रिप्ट', म्हणजे आपली कंटिन्यूइटी. १९७० च्या 'लांफां सोव्हाज'मध्ये सहायक दिग्दर्शक. १९७३ च्या 'ला न्युई आमेरिकेन'ला तिचं नाव पटकथेत आलं, आणि त्या पटकथेला ऑस्करचं नामांकन मिळालं. त्यानंतर त्रुफोने आणखी आठ सिनेमे केले. 'ला शांब्र व्हेर्त' सोडला, तर बाकी सातही पटकथांत ती आहे. 'ल दर्निये मेत्रो'च्या पटकथेसाठी तिला आणि त्रुफोला सेझार हा फ्रेंच सिनेमाचा पुरस्कार मिळाला. शिवाय दुसरा फ्रेंच दिग्दर्शक गोदार याच्याकडे काम केलं ते वेगळंच, आणि दिग्दर्शक रिव्हेतच्या जवळपास तेरा तासांच्या 'आउट वन'ची ती सहदिग्दर्शक.

यातला 'ला न्युई आमेरिकेन' मी तीनदा पाहिला. नीसच्या व्हिक्टोरिन स्टुडिओत एका सिनेमाचं शूटिंग चाललंय, दिग्दर्शक झालाय खुद्द त्रुफो आणि स्क्रिप्ट सांभाळणारी जोएल झालीय नाताली बाय. जोएल सुझानवरून बेतली असं म्हणतात. त्यात एक शॉट आहे: मांजराच्या पिल्लाने बशीतलं दूध प्यायचंय. पिल्लू दुधाकडे फिरकतच नाही. टेकवर टेक जातात, अख्खं युनिट श्वास रोखून उभं. शेवटी दुसरं मांजर आणतात, तेव्हा कुठे शॉट ओके होतो. मी मात्र जास्त थांबले ते रात्रीच्या प्रसंगांपाशी. दिवसभर नोंदी ठेवणारी जोएल रात्री दिग्दर्शकाबरोबर बसून उद्याचे संवाद लिहिते. नटीने दुःखाच्या भरात बोललेली वाक्यंच तिच्या तोंडी संवाद म्हणून येतात. सेटवर कोण काय बोललं, कुठे अडखळलं, हे सगळं वहीवालीला माहीत असतं. सुझान पटकथेपर्यंत कशी पोहोचली, ते मला इथे उमगलं.

राहिला तिने स्वतः दिग्दर्शित केलेला १९८७ चा 'ल म्वान ए ला सोर्सिएर'. तो मिळवायलाच तीन आठवडे गेले. तेराव्या शतकातलं फ्रान्समधलं एक गाव. एत्येन द बूर्बाँ नावाचा धर्मगुरू पाखंड हुडकायला येतो आणि जडीबुटीने उपचार करणाऱ्या बाईपाशी येऊन थांबतो. एत्येन इतिहासात खरोखर होऊन गेला. लोक गिनफोर नावाच्या एका शिकारी कुत्र्याला संत मानून आजारी पोरं त्याच्याकडे नेतात, हे त्यानेच लिहून ठेवलंय. त्या कुत्र्याची दंतकथा ऐकली आणि मी सिनेमा थांबवला. ही गोष्ट मला येत होती!

भाषणाच्या दिवशी पटकथा, पुरस्कार वगैरे मी भरभर आटपलं आणि गोष्टीवर आले. पाळण्यात बाळ, घरात कुणी नाही. साप येतो. कुत्रा त्याला फाडून बाळाला वाचवतो. धनी परततो, रक्ताने माखलेलं तोंड बघतो...

माझं वाक्य पुरं व्हायच्या आत मागच्या रांगेतल्या आजी बोलल्या, "अगंबाई, हे तर आपलं मुंगूस!"