जाम की जामुन

इंदूरबाहेरच्यांना आधी एक सांगून ठेवते, आमच्याकडे पेरूला जाम म्हणतात. ठेलेवाला जाम म्हणतो, माझी आजी जाम म्हणायची, मीही तेच म्हणते. आणि एक अख्खी केस या दोन अक्षरांवर अडकली होती.

रामबागेतले एक काका, आईच्या ओळखीतले. सांवेरकडे त्यांची वडिलोपार्जित जमीन, तिच्यावरून 220 केव्हीची विजेची लाइन गेली, एक टॉवर बरोब्बर जामाच्या बागेच्या कोपऱ्यात बसला आणि तारांखालची झाडं डिसेंबरात कापली, तीही फळांनी लगडलेली असताना. काका ऑफिसात आले तेच तापलेले, "बेटा, स्टे आण. माझी सही नाही, मला कोणी विचारलं नाही, टॉवर उखडायलाच लाव."

आता हे प्रत्येक पक्षकाराला सांगावं लागतं आणि प्रत्येकाला वाटतं की वकील घाबरतोय. सही लागतच नाही हो. विद्युत कायदा 2003 च्या कलम 164 खाली सरकार लाइन टाकणाऱ्याला 1885 च्या तार कायद्याचे अधिकार देऊ शकतं, इथे दिलेले होते, आणि मग मालकाची संमती हा मुद्दाच उरत नाही, सुप्रीम कोर्टानेही डिसेंबर 2016 मध्ये ते स्पष्ट केलंय. मालकाने अडवलं तर कलेक्टरकडून परवानगी घेऊन काम होतं. जमीन नावावर तुमचीच राहते, त्यांना फक्त वापराचा हक्क. पण तार कायद्याचं कलम 10 म्हणतं नुकसान कमीत कमी करा आणि झालेल्याची पूर्ण भरपाई द्या, आणि रक्कम कमी वाटली तर 16(3) खाली जिल्हा न्यायाधीशांकडे जाता येतं. लढायची जागा ती. टॉवर हलवायचा असेल तर सर्व्हेवाले शेतात खुंट्या ठोकत होते तेव्हा हरकत घ्यायची होती, पण तेव्हा काकांनी त्यांना चहा पाजला होता (हे काकूंनी सांगितलं, काकांनी नाही).

तर आम्ही 16(3) चा अर्ज लावला. कंपनीच्या जबाबासोबत पंचनामा आला. त्यात लिहिलेलं, जामुन, 14 नग. मी दोनदा वाचलं. जागेवर कोणीतरी "जाम" लिहून घेतलं असणार आणि ऑफिसात टाइप करणाऱ्या बाहेरगावच्या माणसाने ते "सुधारलं" असणार. भरपाई बागेची नाही, बांधावरच्या चौदा जांभळांची काढलेली. त्यांचे वकील पेशीला, म्हणजे सुनावणीला, म्हणाले, पंचनाम्यावर मालकाची सही आहे. होतीच. काकांनी कोऱ्या फॉर्मवर केलेली.

मी त्याच संध्याकाळी काकांना फोन केला, बुंध्यांना हात लावू नका. तर म्हणाले अगं आजच जेसीबी आणलाय, सोयाबीन पेरायचंय, तीन काढून झाले. मी फोनवर अक्षरशः ओरडले.

कोर्टाने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 26 रूल 9 खाली जागेची पाहणी करायला कमिश्नर नेमला, एक तरुण वकील, आणि ऑगस्टमध्ये आम्ही सगळे शेतात. कमिश्नर, पटवारी, कंपनीचा इंजिनिअर, काका, काकू आणि मी, चिखलात चपला हातात घेऊन. वर तारांचा तो बारीक गुणगुणाट, पावसाळी हवेत जास्तच ऐकू येतो. टेप धरून मधल्या रेषेपासून दोन्हीकडे साडेसतरा मीटर मोजलं, 220 च्या लाइनचा तारांखालचा पट्टा 35 मीटरचा असतो.

आणि बुंध्यांना फुटवे आलेले! पावसात प्रत्येक खोडातून हातभर कोवळ्या फांद्या. मी एक पान उलटं करून कमिश्नरला दाखवलं, मागे शिरा अशा वर आलेल्या की डोळे मिटून बोटांनी मोजाव्यात. जांभळाचं पान गुळगुळीत, चकचकीत असतं. इंजिनिअर म्हणाला मॅडम हम बॉटनीवाले नहीं हैं. काकूंनी तोवर पान चुरडून थेट त्याच्या नाकाशी धरलं, "भैया, मुँह में छाले पड़ते हैं तब यही चबाते हैं ना?" तो हसला. वाईट माणूस नव्हता, म्हणाला मेरे घर में भी है.

बुंधे भरले 19, तर यादीत 14. काकांचं म्हणणं 22, आणि ते खरंच असणार, पण तीन खड्डे काही झाडं नसतात, कमिश्नरने लिहिले नाहीत. मला राग काकांचाच आला. कमिश्नरने स्वच्छ अक्षरात लिहिलं, "अमरूद, स्थानीय नाम जाम, 19 ठूँठ, जीवित."

झाडांचं असं मार्गी लागलं, जमिनीचं अजून चालू आहे. केंद्राच्या 2015 च्या गाइडलाइनमध्ये टॉवरच्या चार पायांमधल्या जागेला जमीन किमतीच्या 85 टक्के आणि पट्ट्याला जास्तीत जास्त 15 होते, जून 2024 मध्ये केंद्राने ते 200 आणि 30 केले. आमचा टॉवर त्याआधीचा, तेव्हा कोणता आकडा लावायचा यावर पेशीमागून पेशी.

परत येताना उज्जैन रोडवर चहाला थांबलो. मी खुशीत होते, काकांना म्हटलं आजचा दिवस आपला. काकांनी बशीत चहा ओतला, फुंकला, आणि म्हणाले, "ते ठीक आहे गं. पण टॉवर कधी निघणार?"