आमची वाटचाल: भज्यांचा गाडा आणि रंजक्याची बरणी

बेळगावात जून लागला की पाऊस हटता हटत नाही. त्याच पावसात आम्ही टिळकवाडीत दुसऱ्या रेल्वे गेटजवळ गाडा लावला. एक कढई, एक झारा, ३ किलो बेसन आणि सासूबाईंच्या हातच्या रंजक्याची, म्हणजे ओल्या लाल मिरचीच्या चटणीची बरणी, एवढंच भांडवल. पावसात भजी खपणारच, असं वाटलं होतं. खपलीही, पण तेच गिऱ्हाईक परत येईना. घरी नेईपर्यंत भजी मऊ पडायची.

कारण कळायला महिना गेला. मी पिठात पाणी घालत होते, वर सोडाही. सोड्याने भजी फुगतात, पण तेल पितात. आता कांदा उभा, पातळ चिरून मीठ लावून १५ मिनिटं ठेवते. सुटलेल्या पाण्यातच बेसन भिजतं. ४ वाट्या बेसनाला १ वाटी तांदळाचं पीठ, हातावर चोळलेला ओवा आणि २ चमचे कडकडीत तेलाचं मोहन. कोबीला, फ्लॉवरला पाणी कमी सुटतं, तिथे हाताने शिंपडावं लागतं. काढलेली भजी जाळीवर पसरायची. ढीग केला की वाफेनेच ओली होतात. छापील कागदात बांधून देणंही तेव्हाच सोडलं, त्याची शाई अन्नाला लागते.

पण लोक आमच्याकडे येतात ते रंजक्यासाठी. पिकलेली ओली लाल मिरची थंडीत बाजारात येते, तेव्हाच वर्षाचा रंजका घालायचा. देठ काढायचे, मिरची वाटून मीठ, लसूण, भाजलेल्या मेथीची पूड, हिंग आणि लिंबू. गाड्यावर तोच चिंच-गुळाच्या पाण्यात सैल करून वाटीत देतो. एका बाजूला मराठी, एका बाजूला कन्नड बोलणारी माणसं उभी असतात आणि मागणी एकच: ‘आणखी थोडी चटणी घाला’, ‘इन्नष्टु चटणी हाक्री’.

तिसऱ्या वर्षी घाई नडली. धुतलेली मिरची पुरती वाळू न देता मी वाटली. पंधरवड्यात बरण्यांवर बुरशी आली आणि १५ किलोचा माल ओतून द्यावा लागला. सासूबाई काही बोलल्या नाहीत, फक्त पुढच्या वेळी मिरची त्यांनीच कापडावर पसरली. एक रात्र पंख्याखाली, सकाळी एकेक पुसून. आजही आमच्याकडे तोच नियम आहे, आणि बरणीत ओला चमचा गेला तर मी कामावरच्या मुलीला तिथल्या तिथे सांगते.

२०२० मध्ये गाडा बंद पडला. पुन्हा उभं राहताना पीएम स्वनिधी या फेरीवाल्यांसाठीच्या केंद्र सरकारच्या योजनेतल्या १० हजारांच्या कर्जाने तेल-बेसन आलं. तेलाची काटकसर मात्र तेव्हाही केली नाही. काळं पडलेलं, फेसाळणारं तेल त्याच दिवशी बाजूला जातं.

तालुक्याच्या पश्चिम भागातली रताळी बाजारात आली की त्यांचे काप तळतो. गोड कापाला तिखट रंजका असा लागतो, की ते संपेपर्यंत कांदाभजी कुणी मागत नाही.

यंदा रंजका बरणीतून वेगळा विकायचं ठरलंय. त्यासाठी ४० किलो मिरची लागेल. सासूबाईंनी रिकाम्या बरण्या आजच उन्हात मांडल्यात.