बाजूचा उजेड

मे महिन्यात, मातृदिनाच्या शनिवार-रविवारी, ‘आल्विन एली अमेरिकन डान्स थिएटर’ या मुख्यतः काळ्या नर्तकांच्या नृत्यकंपनीचे प्रयोग न्यू जर्सीतल्या न्यूअर्कला होतात. मी तिथे प्रकाशाचं काम करते. दिवे टांगण्यापासून ते कमीजास्त करणारा बोर्ड चालवण्यापर्यंत सगळं हाताखालून जातं. ज्या रविवारबद्दल लिहितेय, त्या दिवशी ‘क्राय’ होतं आणि मध्यंतरानंतर ‘रेव्हलेशन्स’.

हे काम मी शिकले ते मराठी नाटकात. आपलं नाटक शब्दांचं. नट बोलतोय तर त्याचा चेहरा दिसलाच पाहिजे, म्हणून समोरून स्पॉट. नृत्यात हाच उजेड अंग सपाट करून टाकतो, आणि काळ्या त्वचेवर तर तो अन्यायच करतो. स्नायूंचे चढउतार, घामाची चकाकी, सगळं पुसलं जातं. म्हणून इथे प्रत्येक विंगेत खांब उभे असतात. नडगीच्या उंचीवर एक दिवा, कमरेच्या उंचीवर एक, डोक्याच्या वर एक. नडगीच्या दिव्याचा झोत जमिनीला लागत नाही, त्यामुळे नाचणारी बाई जमिनीपासून सुटल्यासारखी दिसते. दिव्यापुढच्या रंगीत जिलेटीनचंही तसंच. फिकट जांभळ्यात काळी त्वचा जिवंत राहते, हिरवट पिवळ्यात राखेसारखी होते. सकाळभर कंपनीच्या प्रकाशप्रमुखाबरोबर आमचं तेच चाललं होतं. एकेक दिवा बोटभर इकडे, बोटभर तिकडे.

‘क्राय’ ही एकटीने नाचायची, सोळा मिनिटांची रचना. कंपनीचे संस्थापक, नृत्यदिग्दर्शक आल्विन एली यांनी ती १९७१ साली कंपनीतल्या नर्तकी ज्युडिथ जॅमिसन यांच्यासाठी बसवली, ती आपल्या आईच्या वाढदिवसाची भेट म्हणून. अर्पण केली जगातल्या सगळ्या काळ्या स्त्रियांना, विशेषतः ‘आमच्या आयांना’. पांढरा घोळदार झगा आणि लांबलचक पांढरं कापड. त्याच कापडाने ती गुडघ्यांवर बसून जमीन पुसते, तेच अंगावर शाल होतं, तेच डोक्याला राणीच्या तोऱ्यात गुंडाळलं जातं. शेवटच्या भागात धड लाटेसारखं हलू लागतं, गुडघे मुडपतात, वजन खाली उतरतं. नाचण्याची ही रीत पश्चिम आफ्रिकेतून गुलामांच्या जहाजांतून अटलांटिक ओलांडून आली आणि मळ्यांत, चर्चमध्ये, नाचघरांत टिकली. एली आधुनिक नृत्य शिकले लॉस एंजेलिसला नृत्यदिग्दर्शक लेस्टर हॉर्टन यांच्याकडे. त्या नृत्याच्या लांब, ताणलेल्या रेषा त्यांनी या जुन्या रीतीत मिसळल्या. मला हे मिश्रण कधीच जोडकाम वाटलं नाही. दोन्ही एकाच कण्यातून निघतात, आणि ते दिसतं कारण उजेड बाजूने येतो.

त्या दुपारी जमीन पुसण्याचा भाग सुरू होता आणि डावीकडच्या दुसऱ्या विंगेतला कमरेचा दिवा गेला. बोर्डवर आकडा जागच्या जागी, रंगमंचावर मात्र खड्डा. हेडसेटवर स्टेज मॅनेजर बाईंचा आवाज आला, “डावीकडे काय झालं?”

“बल्ब गेला. त्याच खांबावरचा वरचा चढवू का?”

“चढव. पण सावकाश.”

मी बोर्डवरच्या, उजेड चढवायच्या चाकाला हात लावला, तेवढ्यात नर्तकीने डाव्या हाताने कापड उचललं. उजवीकडचा सगळा प्रकाश त्या कापडावर आपटून तिच्या गळ्यावर, गालाच्या हाडावर परत आला. जी बाजू गेली असं मी धरून चालले होते, ती कापडाने उजळली. मी चाक अर्ध्यावर थांबवलं. आणखी चढवला असता तर तो परतलेला उजेड बुडाला असता. समोर आजी, लेक, नात अशा ओळीच्या ओळी बसल्या होत्या, चर्चला जातानाच्या कपड्यांत. अंधारातून एका बाईंचा खणखणीत आवाज आला, “हो बाळा, हो!” इथले प्रेक्षक असे बोलतात, नाचणारीला उत्तर देतात, आणि ते उत्तर मिळालं की तिच्या अंगात किती फरक पडतो ते मी वरून बघत होते.

मध्यंतरात शिडी लावून बल्ब बदलला. एली यांचंच ‘रेव्हलेशन्स’ १९६० पासून नाचलं जातंय. शेवटी पिवळे झगे, हातात पंखे, आणि अख्खं प्रेक्षागृह उभं राहून टाळ्यांचा ठेका धरतं. मग शेवटचा नाच पुन्हा होतो, म्हणून त्याचा क्यू, म्हणजे ठरलेला प्रकाशबदल, आम्ही परत लावूनच ठेवतो. सामान भरताना प्रकाशप्रमुखाने विचारलं, चाक कुठे थांबवलंस? मी आकडा सांगितला, त्याने वहीत उतरवून घेतला.

आमच्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात लावणी असली की मी आता दोन्ही विंगांत खांब लावायला लावते. व्हिडिओवाले कुरकुरतात, चेहरे नीट येत नाहीत म्हणतात. त्यांना समोरून थोडा उजेड देते, बाजूचा कमी करत नाही. लावणीत कंबर बोलते, खांदा बोलतो, मानेचा झटका बोलतो. ते समोरच्या स्पॉटमध्ये विझतं. आणि नडगीचा दिवा मी पायातल्या चाळांवरच लावते.