फाइल सापडत नाही, पण ती मागतो कोण?

वापरात नसलेली सॉफ्टवेअर संगणकावरून काढून टाकण्याचे काम मी बरेच दिवस लांबवले होते आणि गेल्या महिन्यात ते एकदाचे हाती घेतले. यादी मोठी होती. छपाईयंत्र केव्हाच मोडीत निघाले तरी मागे राहिलेला त्याचा प्रोग्राम तिच्यात होता, तसाच फ्लॅश प्लेअरच्या आधारावर चालणारा एक शब्दकोशही होता. १२ जानेवारी २०२१ पासून फ्लॅश प्लेअरने मजकूर चालवणेच थांबवल्यामुळे तो तेव्हापासून उघडलेला नव्हता. ही साफसफाई करताना ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ अशा नावाच्या आठ-दहा ओळी मला दिसल्या: २००८, २०१०, २०१२, २०१३, २०१५ व त्यानंतरची, शिवाय बहुतेकांच्या एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) अशा दोन-दोन नोंदी. एकाच वस्तूच्या इतक्या जुन्या प्रती कशाला हव्यात, असे मनाशी म्हणून मी सर्वांत नवी तेवढी ठेवली आणि बाकीच्या काढून टाकल्या. दुसऱ्या दिवशी, ज्याला मी हातही लावला नव्हता असा, स्कॅन केलेली पाने जोडणारा प्रोग्राम उघडायला गेलो, तर एमएसव्हीसीआर१००.डीएलएल ही फाइल संगणकावर नसल्यामुळे तो सुरू होऊ शकत नाही, असा संदेश आला.

एका घराने गाव सोडले म्हणून चार घरांची विहीर बुजवावी, तसे माझे झाले होते. डीएलएल, म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, ही अनेक प्रोग्रामांना लागणाऱ्या तयार कामांची सामाईक फाइल असते आणि प्रोग्राम ती नेमक्या नावाने मागतो. मी काढलेल्या व्हिज्युअल सी++ च्या ओळी म्हणजे अशाच फाइलींची पॅकेजे होती. नावातला आकडा ती कोणत्या पिढीची आहे ते सांगतो: ९० म्हणजे २००८ ची आवृत्ती, १०० म्हणजे २०१० ची, ११० म्हणजे २०१२ ची, १२० म्हणजे २०१३ ची आणि १४० म्हणजे २०१५ व त्यानंतरची. (१३० नाहीच, तो आकडा गाळून मायक्रोसॉफ्ट थेट १४० वर गेली.) २०१५ पासूनच्या आवृत्त्यांना एकच नवे पॅकेज पुरते, त्यामुळे ‘सर्वांत नवी असली की झाले’ हा माझा समज अगदीच निराधार नव्हता, पण त्याआधीच्या प्रत्येक पिढीचे पॅकेज स्वतंत्र असते आणि एकाची जागा दुसरे घेऊ शकत नाही.

यानंतर मी जे केले ते लिहिताना संकोच वाटतो. फाइलचे नाव शोधले, सुट्या डीएलएल फाइली वाटणाऱ्या एका संकेतस्थळावरून ती उतरवून घेतली आणि सिस्टिम३२ या फोल्डरमध्ये टाकली. संदेश जसाच्या तसा राहिला. मग तीच फाइल प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये ठेवली, कारण शोध तिथूनच सुरू होतो. त्यावर शेवटी ७बी असलेला एक लांबलचक संकेतांक दाखवून प्रोग्राम बंद पडला. कारण समजल्यावर हसूच आले. माझा प्रोग्राम ३२ बिटचा होता आणि उतरवलेली फाइल ६४ बिटची. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली राहतात आणि ३२ बिटच्या फाइली सिसवॉव६४ या नावाच्या फोल्डरात. नावे उलटी वाटतात, पण जुन्या प्रोग्रामांची मोडतोड होऊ नये म्हणून ती तशीच ठेवली आहेत. शिवाय अशा संकेतस्थळावरची फाइल कोणी बनवली, तिच्यात आणखी काय घातले, हे कळायला मार्ग नसतो. ती पुसून टाकली, मायक्रोसॉफ्टकडून २०१० चे एक्स८६ पॅकेज घेऊन बसवले, आणि प्रोग्राम पहिल्याच प्रयत्नात उघडला.

याच साफसफाईतून दुसरा एक संदेश निर्माण झाला होता आणि वरवर तो अगदी तसाच दिसत होता. संगणक सुरू झाला की दर वेळी ‘रनडीएलएल’ असे शीर्षक असलेली चौकट येई आणि अमुक मॉड्यूल सापडले नाही असे सांगे. फाइलचा मार्ग वाचला तेव्हा लक्षात आले की ती छपाईयंत्राच्या प्रोग्रामची होती. त्याचा अनइन्स्टॉलर बिघडलेला असल्यामुळे मी त्याचे फोल्डरच सरळ पुसून टाकले होते. येथे हरवलेली फाइल परत आणणे म्हणजे निरोप दिलेल्या पाहुण्याला पुन्हा बोलावण्यासारखे होते. तिला हाक मारणारी नोंद तेवढी मागे राहिली होती, ती काढणे हाच उपाय. अशा नोंदी टास्क शेड्युलरमध्ये (ठरलेल्या वेळी कामे सुरू करणाऱ्या विंडोजच्या सोयीत) किंवा सुरुवातीला चालणाऱ्या प्रोग्रामांच्या यादीत असतात. मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स या साधनसंचातले ऑटोरन्स हे साधन त्या सगळ्या एकत्र दाखवते आणि ज्यांची फाइल जागेवर नाही त्या पिवळ्या रंगात दाखवते. म्हणून आता असा संदेश आला की मी आधी फाइल शोधत नाही, ती मागणारा कोण आहे आणि तो मला अजून हवा आहे का, ते पाहतो.

लिनक्सवरही हेच घडते, फक्त नावे वेगळी. उबुंटू या लिनक्सच्या २२.०४ आवृत्तीमध्ये ओपनएसएसएल ३ (इंटरनेटवरचा संवाद सुरक्षित करणारी लायब्ररी) आल्यापासून कितीतरी जुने प्रोग्राम तिच्या आधीच्या आवृत्तीची लिबएसएसएल.एसओ.१.१ ही फाइल सापडत नाही म्हणून अडले. एलडीडी ही आज्ञा दिली की कोणकोणत्या लायब्ररी नाहीत ते एकदमच कळते, ही सोय मला विंडोजच्या एकेक फाइल सांगणाऱ्या संदेशापेक्षा बरी वाटते. नव्या फाइलला जुन्या नावाची लिंक देण्याचा सल्ला पुष्कळ जण देतात; तो चालत नाही, कारण प्रोग्राम नावाबरोबर आतल्या चिन्हांची (फाइलमधल्या कामांच्या नावांची) आवृत्तीही तपासतो. ओपनएसएसएल १.१.१ चा सार्वजनिक आधार ११ सप्टेंबर २०२३ रोजी संपला असल्यामुळे, तीच लायब्ररी मागणारा आणि इंटरनेटशी बोलणारा प्रोग्राम दुरुस्त करत बसण्यापेक्षा निवृत्त करावा, असे माझे मत आहे.

हिशेबाचा एक जुना प्रोग्राम मात्र मला टाकवत नव्हता. त्यातली सर्व माहिती आधी साध्या मजकूर-फाइलींमध्ये काढून घेतली, त्या दुसऱ्या संगणकावर उघडून बेरजा जुळतात का ते पाहिले, रिस्टोअर पॉइंट (विंडोजला आधीच्या स्थितीत परत नेण्याची खूण) तयार केला आणि मगच तो त्याच्या स्वतःच्या अनइन्स्टॉलरने काढला. मध्येच त्याने एक सामाईक फाइल दाखवून ती आता कोणी वापरत नाही, पुसू का, असे विचारले. ही मोजणी विंडोज रजिस्ट्रीतल्या (विंडोजच्या स्वतःच्या नोंदवहीतल्या) एका आकड्यावरून होते आणि इन्स्टॉल करताना ज्या प्रोग्रामने तो आकडा वाढवलाच नाही त्याची गणना तिच्यात नसते, म्हणून मी ‘नाही’ म्हटले. प्रोग्रामची एक प्रत नेटवर्क बंद केलेल्या आभासी संगणकात (व्हर्च्युअल मशीनमध्ये), त्याला लागणाऱ्या सगळ्या लायब्ररींसह ठेवली आहे. व्हिज्युअल सी++ च्या काढलेल्या ओळीही मी पुन्हा बसवल्या आहेत. वहीत प्रत्येकीसमोर ती कोणाला लागते ते लिहिले आहे, आणि २००८ समोरची जागा अजून रिकामी आहे.